सातपुड्यातील नागरिकशास्त्र

१९३५ च्या हिंदुस्थान सरकारच्या कायद्याला अनुसरून दुसऱ्या वर्षी जो हुकूम निघाला, त्यात मुंबई इलाख्यातील काही मुलूख ‘अंशतः वर्जित क्षेत्र’ म्हणून दाखल करण्यात आला. आणि त्या यादीत पश्चिम खानदेश जिल्ह्यातील अक्राणी महाल, नवापूर पेठा, तसेच काठी, सिंगपूर, गव्हाळी, चिखली इत्यादी ठिकाणच्या मेहवासी सरदारांची गावे ही ठळकपणे होती. कायदेमंडळाने संमत केलेला कोणताही कायदा गव्हर्नराने जाहीरनामा काढून लागू केल्यावाचून या मुलखात चालावयाचा नाही, असा या तरतुदीचा आशय होता. रानात राहणाऱ्या लोकांचे बाहेरच्यांपासून संरक्षण व्हावे हा तिचा सांगितलेला हेतू. परंतु तिच्यातून निघणारा अर्थ असा की, ज्या वर्षी प्रांतांत लोकनियुक्त मंत्रिमंडळे अधिकारावर येण्याची तयारी चालली होती, त्याच वर्षी सातपुड्याच्या कुशीतील भिल्ल, पावरा, मावची आणि कोकणी या जमातींचा माणूस सामान्य कायद्याच्या उंबरठ्याबाहेर उभा होता. आज ज्याला आपण नंदुरबार जिल्हा म्हणतो, तो १ जुलै १९९८ रोजी धुळे जिल्ह्यातून वेगळा झाला. त्याच्या इतिहासाचा विचार करताना हा उंबरठा डोळ्यांआड करून चालणार नाही. कारण नागरिकत्वाचे शिक्षण या जिल्ह्यात पाठ्यपुस्तकांतून सुरू झाले नाही, शाळेच्या चार भिंतींत तर नाहीच नाही, आणि ज्या काळी शाळेत ते शिकविण्यास आरंभ झाला, त्या काळी बाहेर त्याचे कित्येक धडे रक्ताचे मोल देऊन गिरवून झालेले होते.

१८१८ साली खानदेश इंग्रजांच्या अमलाखाली आला, १८२५ साली भिल्ल पलटण उभी राहिली, पुढे जंगलाचे कायदे आले, मोजणी झाली, सारा रोकडीत द्यावयाचा ठरला, आणि तापीकाठच्या काळ्याभोर जमिनी हळूहळू कर्जखतांच्या वाटेने मूळ कसणाऱ्यांच्या हातांतून सुटत गेल्या. हा क्रम पुष्कळांनी लिहिलेला आहे; त्याची पुनरुक्ती येथे नको. त्याचा शेवट सालदारीत झाला, एवढे सांगितले म्हणजे पुरे. वर्षाच्या बोलीवर स्वतःला बांधून घ्यावयाचे, उचल घ्यावयाची, आणि ती फिटली नाही म्हणून पुढल्या वर्षी पुन्हा त्याच दारात उभे राहावयाचे, अशी ती पद्धत होती. १९३७ नंतर मुंबई सरकारने सिमिंग्टन नावाच्या मुलकी अधिकाऱ्याकडून या वर्जित मुलखाची चौकशी करविली आणि १९३९ मध्ये त्याचा अहवाल छापला. सरकारी अहवालाची भाषा सहसा कोरडी असते. परंतु वेठ, सावकारी आणि खालच्या नोकरशाहीची जुलूमजबरदस्ती यांविषयी लिहिताना या अधिकाऱ्याची लेखणी कचरली नाही, ही गोष्ट त्याच्या बाजूने नमूद केली पाहिजे.

त्याच सुमारास तळोदे तालुक्यातील मोरवड येथे, ज्या ठिकाणाला लोक रंजनपूर म्हणून ओळखतात तेथे, गुलाम महाराज नावाचा एक भिल्ल पुरुष आरतीसाठी लोकांना एकत्र जमवू लागला होता. दारू सोडा, रोज स्नान करा, घरदार स्वच्छ ठेवा, असा त्यांचा उपदेश. आणि याच्या जोडीला आणखी एक नियम, जो वरवर पाहता अगदी साधा दिसतो: लहानथोर सर्वांनी परस्परांना ‘आप’ असे संबोधावे. ज्या समाजातील साठ वर्षांच्या वृद्धालाही बाजारपेठेतील पोरसवदा गुमास्ता ‘अरे’ म्हणून हाक मारी, जो कचेरीच्या पायरीवर बूड टेकण्यासही धजत नसे, त्या समाजाने आधी आपसांत एकमेकांचा मान राखावयास शिकावे, मग बाहेरच्यांनी तो राखावा अशी अपेक्षा धरण्याचे बळ आपोआप अंगी येईल, हे त्यामागचे मर्म होते. सोमवारच्या आरतीला जमणारा समुदाय पाहता पाहता हजारोंच्या घरात गेला. दारूचे मक्तेदार अस्वस्थ झाले, आणि हुकमी मजुरांवर ज्यांची शेती चाले त्यांनाही हे लक्षण बरे वाटेना. १९३८ साली गुलाम महाराजांचा देहान्त झाला. त्यांचे बंधू रामदास महाराज यांनी पुढे हे कार्य चालविले, आणि सरकारची वक्रदृष्टीही त्यांच्यावर वळली.

या चळवळीची गणना सामान्यतः भक्तिसंप्रदायांत किंवा समाजसुधारणेत केली जाते. मला ती मानवी हक्कांच्या शिक्षणाची या भूमीतील पहिली शाळा वाटते. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने मानवी हक्कांचा जाहीरनामा १० डिसेंबर १९४८ रोजी स्वीकारला. त्याच्या पहिल्याच कलमात सर्व माणसे प्रतिष्ठेने समान असल्याची ग्वाही आहे, आणि सव्विसाव्या कलमात शिक्षणाने मानवी हक्कांविषयीचा आदर बळकट करावा असे म्हटले आहे. मोरवडच्या आरतीला जमलेल्या निरक्षर स्त्रीपुरुषांनी त्यातील पहिल्या कलमाचा अभ्यास दहा वर्षे आधीच आरंभिला होता, आणि तोही अशा रीतीने की, दररोज तोंडातून निघणाऱ्या प्रत्येक हाकेबरोबर त्याची उजळणी व्हावी. कोणत्याही शिक्षणशास्त्रज्ञाला याहून प्रभावी अध्यापनपद्धती सुचली असती, असे मला वाटत नाही.

नंदुरबार शहरातील मुलांचा धडा निराळा होता. ‘छोडो भारत’ची चळवळ पेटली त्या ९ ऑगस्ट १९४२ नंतर बरोबर एक महिन्याने, ९ सप्टेंबरला, शाळकरी विद्यार्थ्यांची मिरवणूक तिरंगा घेऊन निघाली असता पोलिसांनी गोळीबार केला, आणि शिरीषकुमार मेहता, लालदास शहा, धनसुखलाल वाणी, शशिधर केतकर व घनश्यामदास शहा हे पाच कोवळे जीव त्यात बळी पडले. शिरीषकुमारचा जन्म डिसेंबर १९२६ चा. सोळावे वर्ष अजून पुरे व्हावयाचे होते. ही मुले ज्या वर्गांत बसत, त्या वर्गांत राजनिष्ठेचे पाठ होत. सभास्वातंत्र्य, भाषणस्वातंत्र्य हे शब्द त्यांच्या क्रमिक पुस्तकांत असण्याचा संभव नव्हता. तरीही ते त्यांना ठाऊक होते. खानदेशात त्या काळी शिक्षकांची जी एक परंपरा होती, तिचाही यात वाटा असावा. शेजारच्या पूर्व खानदेशात, अमळनेरच्या छात्रालयात, साने गुरुजी मुलांसाठी ‘छात्रालय’ नावाचे दैनिक स्वतःच्या हाताने लिहून काढीत, आणि त्यातून देशाची व जगाची वार्ता त्या मुलांपर्यंत पोचवीत; हे १९३० पूर्वीचे. अभ्यासक्रमात नसलेली गोष्ट शिकविणाऱ्या गुरुजींची ही जात त्या प्रदेशाच्या हवेत भिनलेली होती.

स्वातंत्र्य आले, राज्यघटना आली. पाचव्या अनुसूचीने जुन्या वर्जित क्षेत्राला ‘अनुसूचित क्षेत्र’ हे नाव दिले, आणि पंचेचाळिसाव्या अनुच्छेदाने चौदा वर्षांपर्यंतच्या सर्व मुलांना दहा वर्षांच्या आत मोफत व सक्तीचे शिक्षण देण्याचा यत्न करावा, असे राज्यसंस्थेला सांगितले. नागरिकशास्त्र हा विषय इतिहासाच्या पाठीमागे जोडून पाठ्यपुस्तकांत स्थिरावला. १९६७ साली बालभारतीची स्थापना झाल्यावर ही पुस्तके राज्यभर एकसारखी झाली. त्यांतून ग्रामपंचायत, पंचायत समिती, जिल्हा परिषद, विधानसभा यांची माहिती मुले पाठ करू लागली. आश्रमशाळा निघाल्या, सत्तरच्या दशकापासून त्यांची संख्या वाढली, आणि डोंगरातील मूल प्रथमच पोटभर जेवण, पाटी आणि छप्पर या तिन्हींचे हक्कदार झाले. या शाळांचे ऋण नाकारणे कृतघ्नपणाचे होईल. परंतु ज्या मुलाच्या घरी भिलोरी किंवा पावरी बोलली जाते, त्याच्या कानांवर ‘कार्यकारी मंडळ’ आणि ‘न्यायमंडळ’ हे शब्द पहिल्यांदा पडत तेव्हा त्यांचा त्याच्या आईबापांच्या जगण्याशी कोणता संबंध आहे, हे त्याला कोणी सांगत नसे; आणि बाप सालदार असेल तर तो संबंध सांगणे गुरुजींनाही सोयीचे नसे.

तो संबंध उघड झाला शहादे तालुक्यात, १९७१ नंतर. पाडळदे गावचे अंबरसिंग सुरतवंती, ज्यांना लोक अंबरसिंग महाराज म्हणत, हे मुळात भजनी वळणाचे, सर्वोदयाच्या संस्कारांत वाढलेले कार्यकर्ते. मे १९७१ मध्ये पाटीलवाडी येथे धान्यासाठी जमलेल्या आदिवासींवर गोळीबार होऊन एकाचा प्राण गेला, आणि त्या घटनेने सारा मुलूख ढवळून निघाला. ३० जानेवारी १९७२ रोजी शहाद्यास भूमुक्ती मेळावा भरला. पुण्यामुंबईकडून कुमार शिराळकर, दीनानाथ मनोहर यांच्यासारखे सुशिक्षित तरुण येऊन गावात राहिले, आणि स्थानिक तरुणांच्या जोडीने श्रमिक संघटना उभी राहिली. अंबरसिंग महाराज १९७४ साली, ऐन उमेदीच्या वयात गेले. परंतु तोवर गावोगाव तरुण मंडळे निघाली होती आणि शिबिरे भरू लागली होती. स्त्रियांचीही शिबिरे भरली, आणि त्या स्त्रियांनी दारूचे गुत्ते फोडून मिळालेल्या शिक्षणाची प्रचीती लगोलग दाखविली.

या चळवळीने सातबारा वाचावयास शिकविले. गाव नमुना सातवर भोगवटादाराचे नाव असते, आणि बारावर त्या साली कोणते पीक उभे होते याची नोंद. जमीन कोणाच्या नावावरून कोणाच्या नावावर, केव्हा आणि कशाच्या आधारे चढली हे पाहावयाचे तर फेरफाराचा क्रमांक धरून गाव नमुना सहापर्यंत मागे जावे लागते. ज्या शेतात बाप राबला, ते शेत आजोबाच्या नावावर होते, अमुक सालच्या फेरफाराने ते दुसऱ्याचे झाले, आणि त्या फेरफारावर आजोबाचा अंगठा आहे, ही गोष्ट तलाठ्याच्या दप्तरातून स्वतःच्या डोळ्यांनी वाचून काढणाऱ्या तरुणाला मालमत्ता, कायदा आणि राज्यसंस्था यांचे जे ज्ञान एका दुपारी होते, ते चार इयत्तांच्या नागरिकशास्त्राने होणे कठीण आहे. त्याच काळात जमीन महसूल संहितेत छत्तीस-अ हे कलम आले आणि आदिवासी खातेदाराची जमीन बिगर आदिवासीकडे जाण्यावर निर्बंध बसले. अनुसूचित जमातींच्या जमिनी परत करण्याचा कायदाही त्याच सुमारास संमत झाला. आजही या जिल्ह्यातील सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ या रकान्यात या कलमाची नोंद आढळते. शाळेतील मुलांना तो रकाना दाखवून, ही ओळ येथे कशी आली हे सांगणारा एक तास वेळापत्रकात असावा, असे मला मनापासून वाटते.

या चळवळीतून घडलेले वाहरू सोनवणे पुढे कवी म्हणून महाराष्ट्राला परिचित झाले. त्यांचा ‘गोधड’ हा संग्रह भिलोरी आणि मराठी अशा दोन्ही वाणींचा आधार घेऊन उभा आहे. आपल्या बोलीत आपले दुःख मांडावे आणि ते इतरांनी बसून ऐकावे, हाही एक नागरी हक्कच आहे.

यानंतरचा अध्याय नर्मदेच्या काठचा आहे. सरदार सरोवर धरणाच्या बुडितात महाराष्ट्रातील तेहतीस गावे येत होती. त्यांपैकी नऊ अक्कलकुवा तालुक्यातील व चोवीस अक्राणी तालुक्यातील, सर्व आदिवासींची. नर्मदा पाणीतंटा लवादाने १९७९ मध्ये दिलेल्या निवाड्याप्रमाणे जमिनीच्या बदल्यात जमीन, आणि खातेदाराच्या प्रत्येक सज्ञान मुलाला स्वतंत्र कुटुंब मानून किमान दोन हेक्टर ओलिताखालील जमीन मिळावयाची होती. निवाडा उदार, परंतु त्याचा लाभ घेण्यासाठी माणूस आधी कागदावर अस्तित्वात असावा लागतो. मुलगा सज्ञान आहे हे सिद्ध करावयाचे तर शाळा सोडल्याचा दाखला हवा, आणि ज्या गावात शाळा केवळ दप्तरी होती, गुरुजी तालुक्याला राहून हजेरीपट भरीत, तेथे दाखला कोठून आणावयाचा? बुडितग्रस्तांचे ‘घोषित’ आणि ‘अघोषित’ असे दोन वर्ग पडले. ज्यांची शेते पाण्याने चहूबाजूंनी वेढली जाणार ती ‘टापू’ ठरली. हे शब्द त्या डोंगरातील म्हाताऱ्यांच्याही तोंडी बसले. मणिबेली हे महाराष्ट्राच्या बाजूचे पहिले बुडणारे गाव. तेथील संघर्ष १९९२-९३ मध्ये शिगेला पोचला. आणि १९ नोव्हेंबर १९९३ रोजी अक्राणीतील चिंचखेडी येथे पोलिसांच्या गोळीबारात रेहमल वसावे हा पंधरा वर्षांचा मुलगा मारला गेला. शिरीषकुमार आणि रेहमल ही दोन नावे एकाच जिल्ह्याची आणि जवळपास एकाच वयाची; पहिल्याचे नाव राज्यभरातील मुलांना ठाऊक आहे, दुसऱ्याचे जिल्ह्यातील मुलांनाही क्वचितच ठाऊक असते. मारणारे सरकार परक्याचे होते की आपले, यावरून मुलाच्या मृत्यूचे मोल ठरू नये.

या धुमश्चक्रीत, १९९२ साली, नर्मदा बचाव आंदोलनाने चिमलखेडी आणि निमगव्हाण येथे जीवनशाळा सुरू केल्या. ‘लडाई, पढाई साथ साथ’ ही त्यांची घोषणा. पुढे मणिबेली, डनेल, भाबरी, त्रिशूल, थुवाणी अशा गावांतूनही त्या निघाल्या. बांबूच्या तट्ट्यांच्या भिंती, शेणाने सारवलेली जमीन, गावाने दिलेले लाकूड आणि धान्य, शिक्षक बहुधा त्याच डोंगरातील, थोडेफार शिकलेले तरुण. पहिलीच्या मुलाला अक्षरओळख पावरी किंवा भिलोरीतून, मग मराठी. आणि चौथीची परीक्षा मात्र सरकारी, इतर कोणत्याही शाळेसारखी. गावातील वृद्धांनी सांगितलेल्या कथा, रानातील झाडांची आणि औषधी मुळ्यांची नावे, नदीतील माशांच्या जाती यांना तेथे अभ्यासाचा दर्जा मिळाला. सरकारी शाळेतील पुस्तकही टाकून दिले नाही. गणित, भूगोल, इतिहास सर्व शिकविले.

त्या मुलांना ‘मीटर’ हे परिमाण फार लवकर कळले असले पाहिजे. धरणाची उंची ८० मीटरवर न्यायालयाने थोपविली, १९९९ मध्ये ती पुढे चढविण्यास मुभा मिळाली, ऑक्टोबर २००० च्या निकालाने ९० मीटरची वाट मोकळी झाली, २००६ मध्ये ती १२१.९२ वर गेली आणि शेवटी १३८.६८ वर, आणि दर पायरीला कोणाचे घर, कोणाचे शेत, गावदेवाचे कोणते झाड पाण्याखाली जाणार हे घरोघर बोलले जात असे. सर्वोच्च न्यायालय म्हणजे काय, याचिका म्हणजे काय, निकाल आणि त्याची अंमलबजावणी यांत अंतर किती असते, हे ज्यांनी इतक्या जवळून पाहिले, त्यांना नागरिकशास्त्राचे पुस्तक उघडताना परकेपणा वाटण्याचे कारण नव्हते. वर्षातून एकदा सर्व जीवनशाळांचा बालमेळावा भरे, आणि दूरदूरच्या काठांवरची मुले तेथे धावण्याच्या शर्यतींत आणि नाटकांत उतरत. या शाळांना मान्यता आणि अनुदान यांसाठी मात्र दीर्घकाळ सरकारदरबारी खेटे घालावे लागले, आणि त्या आजवर मुख्यतः लोकांच्या देणग्यांवर तगल्या. त्यांच्या अध्यापनात दोष नव्हते असे मी म्हणत नाही. शिक्षक अल्पशिक्षित, साधने तुटपुंजी, आणि चळवळीचा ताण मुलांच्या वयाला पेलणारा असतोच असे नाही. तरीही जे शिकविले जाते आणि जे जगले जाते त्यांची तेथे जी एकवाक्यता होती, ती सुसज्ज इमारतींच्या शाळांतूनही मला क्वचित आढळते.

२००९ च्या कायद्याने शिक्षण हा बालकाचा हक्क झाला आणि १ एप्रिल २०१० पासून तो अमलात आला. दुसऱ्या वर्षीच्या जनगणनेत नंदुरबार जिल्ह्यात शंभरांत एकोणसत्तर माणसे अनुसूचित जमातींची आढळली, आणि साक्षरता अवघी ६४ टक्के, म्हणजे राज्याच्या सरासरीपेक्षा कितीतरी खाली. २६ जानेवारी २०२० पासून राज्यातील शाळांत परिपाठाच्या वेळी राज्यघटनेच्या उद्देशिकेचे वाचन व्हावे असा निर्णय झाला. अक्कलकुव्याच्या आणि धडगावच्या आश्रमशाळांच्या आवारातही मुले रांगेत उभी राहून न्याय, स्वातंत्र्य, समानता आणि बंधुता हे शब्द म्हणतात. हे वाचन मला आवडते. लहानपणी पाठ झालेले शब्द अंगी मुरतात, आणि पुढे एखाद्या प्रसंगी अचानक अर्थासह जागे होतात, हे आपल्या पाठांतराच्या परंपरेनेच आपल्याला शिकविले आहे. पण तो प्रसंग निवासी शाळेत रोजच येत असतो. ताटात पडणारे अन्न पुरेसे आहे की नाही, आजारी मुलीला दवाखान्यात वेळेवर नेले की नाही, गुरुजी मुलाला त्याच्या नावाने हाक मारतात की त्याच्या जातीने, घरची बोली बोलल्याबद्दल त्याला हसतात की काय, या प्रश्नांची उत्तरे मुलाला आपोआप मिळत असतात, आणि सकाळच्या वाचनाशी ती तो मनातल्या मनात ताडून पाहत असतो. शाळेत तक्रारपेटी लावण्याचा नियम आहे. ती पेटी कोणाच्या देखत उघडली जाते आणि तिच्यात भिलोरीत लिहिलेली चिठ्ठी निघाली तर ती कोण वाचतो, यावरून त्या शाळेतील नागरिकशास्त्राची परीक्षा घेता येईल.

वनहक्कांचा २००६ चा कायदा या जिल्ह्याच्या दृष्टीने अपूर्व महत्त्वाचा आहे. १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून वनजमीन कसणाऱ्याने दावा करावयाचा, ग्रामसभेने निवडलेल्या वनहक्क समितीने तो पडताळावयाचा, आणि पुराव्यात कागदांबरोबर गावातील वडीलधाऱ्यांचे निवेदनही ग्राह्य धरावयाचे, अशी त्याची रचना. ज्या मुलखाला १९३६ साली सामान्य कायद्याबाहेर ठेवले गेले, त्याच मुलखातील ग्रामसभेला आता कायद्याने पुरावा गोळा करण्याचा अधिकार दिला आहे. आजोबाचे निवेदन घ्यावयाचे, ते लिहून काढावयाचे, शेताच्या चतुःसीमा नोंदवावयाच्या, नकाशावर खूण करावयाची, हे काम आठवी-नववीच्या विद्यार्थ्याच्या आवाक्यातील आहे. आणि गुरुजींच्या देखरेखीखाली ते नागरिकशास्त्राचा प्रकल्प म्हणून प्रत्येक आश्रमशाळेने हाती घ्यावे, त्याला गुण द्यावेत, आणि त्याची एक प्रत शाळेच्या ग्रंथालयात ठेवावी, अशी माझी आदिवासी विकास प्रकल्प कार्यालयाला आणि जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागाला कळकळीची विनंती आहे.